चौदा जानेवारीवर थांबलेलं मशीन

मठपती सर रोज सकाळी खुर्चीत बसल्या बसल्या मशीनला खोटी तारीख सांगायचे आणि मग दिवसभर खरं काम करायचे. सतरा-अठरा वर्षं मी त्यांच्याबरोबर एकाच क्लासात होते, म्हणून मला हे माहीत आहे. हीच गोष्ट मी योग्य जागी, योग्य वेळी बोलले असते तर एका पोरीचं भलं झालं असतं. बोलले नाही. तेव्हा शहाणपण उशिरा सुचलेल्या बाईचं लिहिणं आहे, तसंच वाचा.

आधी ते तारखेचं प्रकरण उरकते, त्याशिवाय माणूस कळायचा नाही. लातूरला एका कापड दुकानाच्या माडीवर आमचा कॉम्प्युटर क्लास होता. चार मशीन, एक खडखड करणारा प्रिंटर आणि जिन्यात चपलांचा ढीग, कारण चप्पल घालून आत आलं की मशीन बिघडतं अशी मालकांची पक्की समजूत होती. मालक म्हणजे माणिकराव. पुढं ते ‘डायरेक्टर सर’ झाले, पण तेव्हा नुसते मालकच होते. मी कंधारची, टायपिंगच्या परीक्षा देऊन आलेली. कॉम्प्युटर म्हणजे पडदा लावलेला टाइपरायटर, एवढीच माझी अक्कल. मठपती सर देवणीकडचे, घरात निम्मं कानडी बोलणारे. चारांतलं कोपऱ्यातलं मशीन त्यांचं. त्याच्या आतली बॅटरी कधीच मेलेली होती, त्यामुळं चालू केलं की ते आधी विचारायचं, आज तारीख कोणती?

भूकंप झाला त्याच्या पुढच्या जानेवारीत, संक्रांतीच्या दिवशी, क्लासला सुट्टी असताना सरांनी त्या मशीनवर प्रोग्राम लिहायचं एक नवं, निळ्या पडद्याचं सॉफ्टवेअर चढवलं. हैदराबादहून कुणीतरी फ्लॉपीवर आणलेली नमुन्याची प्रत होती. ती तीस दिवस चालायची आणि मग मुदत संपली असं सांगून बंद पडायची. तशी ती बरोबर बंद पडली. सर मालकांकडं गेले, म्हणाले, “अस्सल प्रत घ्यावी लागती.” मालक सुपारी कातरत होते. म्हणाले, “कशाला? तारीख मागं घ्या की.” मी तिथंच उभी होते. सरांनी तारीख मागं घेतली, थेट चढवल्या दिवसापर्यंत. तेव्हापासून आमच्या कोपऱ्यात रोज चौदा जानेवारी. बाहेर उन्हाळा, पावसाळा, दिवाळी, दोनदा सरकार बदललं, पण सर सकाळी येणार, हात धुणार आणि न बघता तीच तारीख बडवणार.

दिसायला उंच, काटकुळे. कपाळावर विभूतीचे पट्टे, पांढरा हाफ शर्ट, आणि लोक जिथं पेन ठेवतात तिथं खिशात स्क्रू ड्रायव्हर. मशीन तापलंय का ते लेकराचा ताप बघावा तसं पालथ्या हातानं बघायचे. फ्लॉपी मोजायच्या कानडीत, वंदू, येरडू, मूरू, आणि मध्ये कुणी बोललं की पुन्हा पहिल्यापासून. मी मुद्दाम बोलायची. सहा-सहा वेळा मोजायला लावलंय मी त्या माणसाला, पण कधी आवाज चढवला नाही. नुसतं बघायचे आणि वंदूपासून सुरू करायचे.

लाइट जायची तेव्हा तर त्यांची खरी मजा. चार-चार तास अंधार. बाकीचे क्लास पोरांना घरी पाठवायचे. सर पिशवीतून चिंचोके काढायचे. फरशीवर खडूनं चौकटी आखायच्या, एकेका चौकटीला नाव द्यायचं, आणि प्रोग्रामची एकेक ओळ वाचत चिंचोके या चौकटीतून त्या चौकटीत न्यायचे. मशीनच्या पोटात काय चालतं ते पोरांना हातानं करून दाखवायचे. मी पहिल्यांदा बघितलं तेव्हा म्हणाले, “सर, हा काय खेळ मांडलाय?”

“खेळ न्हाई, बाई. लाइट गेली म्हणून डोकं बी बंद ठेवायचं का?”

मला प्रोग्राम लिहिणं आलं ते त्या चिंचोक्यांवर, आणि तेव्हा कुठं टायपिस्टची मी शिकवणारी बाई झाले. पोरं चुकली की सरांचं एकच बोलणं ठरलेलं असायचं. “मशीनला अक्कल नसती, पण इमान असतंय. तुम्ही जे सांगाल ते धरून बसतंय. म्हणून सांगताना जपून सांगायचं.” हे त्यांच्या तोंडून मी हजारदा ऐकलं असेल. आणि हाच माणूस रोज सकाळी चौदा जानेवारी बडवायचा, हे माझ्या डोक्यात कधी आलंच नाही. त्यांच्या आलं होतं.

भूकंपानंतर काही सेवाभावी मंडळी गावोगाव फिरून फॉर्म भरून घेत होती. कोण गेलं, कोण राहिलं, राहिलेले आता कुणाकडं आहेत. त्यांना याद्या करायला कॉम्प्युटर पाहिजे होता. मालकांनी हो म्हटलं, कारण पेपरात फोटो येणार होता. काम केलं सरांनी. नव्या सॉफ्टवेअरवर स्वतः प्रोग्राम लिहिला. क्लास सुटला की मी फॉर्म वाचायची आणि सर टाकायचे, कधी सर वाचायचे आणि मी टाकायची. एकाच आडनावाची नऊ-दहा माणसं सलग वाचायची आणि प्रत्येकापुढं ‘मयत’ म्हणायचं. मी दोनदा उठून जिन्यात जाऊन रडून आले. सर रडत नव्हते. फॉर्मवर एखादं वय खाडाखोड केलेलं दिसलं की फॉर्म बाजूला ठेवायचे आणि म्हणायचे, “हे विचारून आणावं लागंल.” मंडळी वैतागायची, म्हणायची अंदाजानं टाका. सर शनिवारी एस.टी. धरायचे, पत्र्याच्या शेडांत हिंडायचे आणि ते एक वय विचारून यायचे.

प्रोग्राममध्ये त्यांनी एक रकाना ठेवला होता, नोंद कोणत्या दिवशी झाली त्याचा. तो मशीन आपोआप भरायचं. अर्थात भरायचं ते चौदा जानेवारीच.

गुढीपाडव्याचा दिवस होता. क्लासला सुट्टी, पण फॉर्म साचले होते म्हणून आम्ही दोघं आलो होतो. घरी माझ्या पुरणपोळ्या थंड होऊन राहिल्या होत्या. अकरा-साडेअकराला मंडळींपैकी एक म्हातारे गृहस्थ मुरुडहून एकच फॉर्म घेऊन आले. तीन वर्षांची पोरगी, सुरेखा. गाव किल्लारीच्या अलीकडचं. आई-बाप दोघंही गेले. ही ढिगाऱ्यातून निघाली, कंबरेचं हाड मोडलेलं, ती पाच-सहा महिने दवाखान्यात. आता मावशीनं मुरुडला आणली होती. म्हातारे म्हणाले, “ही कोणत्याच यादीत न्हाई, सर. घर मोजायला आले तेव्हा घरात सांगायला माणूसच नव्हतं.”

सरांनी नोंद टाकली. ‘सध्या मावशीजवळ, मुरुड.’ आणि थांबले. बोटानं पडद्यावरची तारीख दाखवली.

“बाई, ही पोरगी संक्रांतीला दवाखान्यात होती. अन् आपलं मशीन सांगून राहिलंय, ती मुरुडला होती.”

“मग?”

“हा रकाना खोटा पडून राहिलाय. सगळ्यांचाच. अजून एक रकाना वाढवू, खरी तारीख हातानं टाकू.”

म्हणजे आतापर्यंतच्या सगळ्या नोंदी पुन्हा उघडायच्या. मला घरच्या पोळ्या दिसत होत्या. मी म्हणाले, “सर, पोरीचं नाव यादीत आलं ते बघा ना. तारीख कोण बघत बसतंय?”

सरांनी माझ्याकडं बघितलं. मग म्हणाले, “बरं.” त्या माणसाचा स्वभावच असा, समोरच्यानं ठामपणे सांगितलं की त्याला आपल्यापेक्षा जास्त कळतंय असं वाटायचं. चूक झाली ती तिथं, आणि ती माझी.

याद्या झाल्या, मंडळींनी कचेरीत नेऊन दिल्या, पेपरात मालकांचा फोटो आला. मग मंडळी पांगली. कचेरीत दिलेल्या याद्या सरकारी यादीत कधी चढल्याच नाहीत, तिथंच कुठंतरी गहाळ झाल्या. फॉर्मचे गठ्ठे कुणाच्या तरी गोदामात पडून भिजले आणि गेले. राहिलं ते एवढंच, सरांच्या मशीनमधलं.

पुढं गावच बदललं. लातूर म्हणजे कोचिंग. गल्लीबोळांत होस्टेल, मेस, भिंतीभिंतीवर नंबरात आलेल्या पोरांची तोंडं. मालकांना वाऱ्याची दिशा आधी कळायची. त्यांनी कॉम्प्युटर गुंडाळून फिजिक्स-केमिस्ट्री-बायॉलॉजी लावलं, मोठी इमारत घेतली, आणि माणिकरावांचे डायरेक्टर सर झाले. शिपायापासून सगळे तसंच म्हणायला लागले. मठपती सर तेवढे ‘मालक’च म्हणत राहिले, आणि ते डायरेक्टर सरांना दर वेळी झोंबायचं.

सरांना ठेवलं ते एका कामासाठी. दर रविवारच्या परीक्षेचे नंबर काढायला. तो प्रोग्रामही त्यांनीच लिहिलेला, त्याच सॉफ्टवेअरवर, त्याच मशीनवर. हजारभर पोरांचे नंबर दर आठवड्याला चौदा जानेवारीला लागायचे. कागदावर तारखेची जागा मोकळी सोडायची आणि मी रबरी शिक्क्यानं खरी तारीख मारायची, अशी आमची पद्धत होती. आई-बाप तो कागद देवघरात ठेवायचे. नवी मशीन आली, नव्या खिडक्यांची सिस्टिम आली, आणि जुना प्रोग्राम तिच्यावर उघडेना. डायरेक्टर सर म्हणाले, “मठपती, जग कुठं चाललंय अन् तुम्ही कुठं बसलात?”

“जिथं बसवलं तिथंच बसलोय, मालक.”

जिन्याखालच्या खोलीत बसवलं होतं. मी तोवर वर गेले होते, लातूरच्या सगळ्या बॅचेसचं वेळापत्रक, फी, पालक, सगळं माझ्याकडं. दिवसातून एकदा खाली चहाला जायची. सर मशीनवर जुनं धोतर पांघरून ठेवायचे, बिस्किटाच्या डब्यात कुठून कुठून जमवलेले सुटे भाग ठेवायचे. की-बोर्डचं एक बटण तुटलं की डब्यातून दुसरं. “हे गेलं की याद्या गेल्या, बाई,” म्हणायचे. मी म्हणायची, “याद्या कोण विचारतंय आता?” मला ही सवयच होती, कोण बघतंय, कोण विचारतंय.

विचारायला आली सुरेखाच. एकोणीस-वीस वर्षांची, बारीक अंगाची, एक पाय किंचित ओढत चालणारी. हातात प्लॅस्टिकची फाइल. सरकारी नोकरीत भूकंपग्रस्तांना काही जागा असतात. तिनं परीक्षा दिली होती आणि पास झाली होती. भूकंपग्रस्त असल्याचा दाखला तेवढा नव्हता, कारण सरकारी यादीत नाव नव्हतं. दाखला दिला नाही तर नाव कटणार. मावशीनं सांगितलं होतं की लातूरला एका मठपती सरांनी तुझं नाव लिहिलंय.

सरांनी धोतर बाजूला केलं, तारीख टाकली आणि तिचं नाव काढलं. पडद्यावर तिचे आई-बाप, त्यांच्यापुढं ‘मयत’, आणि खाली ती. पोरगी ते वाचत राहिली. म्हणाली, “असं लिहिलेलं मी कुठंच बघितलं नव्हतं, सर.” सरांनी कागद छापून दिला.

कचेरीत मी सोबत गेले होते. तिथले साहेब वाईट नव्हते, हे सांगायला पाहिजे. तरुण, नीट बोलणारे. त्यांनी कागद बघितला, आधीच्या-नंतरच्या नोंदी मागवल्या, आणि दुसऱ्या दिवशी आम्हाला बोलावलं.

“सर, ही सगळी गावं तुम्ही एका दिवसात नोंदवली? तेही संक्रांतीला? अन् या पोरीच्या दवाखान्याच्या कागदावर ती मार्चपर्यंत ॲडमिट आहे. तुमची नोंद जानेवारीत म्हणते, मुरुडला आहे.”

दुसरा कुणीही असता तर काहीतरी सारवासारव केली असती. मठपती सर म्हणाले, “तारीख खोटी हाय, साहेब. नोंद खरी हाय.”

साहेबांनी पेन खाली ठेवलं.

सरांना वाटलं, दाखवलं की कळेल. दुसऱ्या दिवशी मशीन रिक्षात मांडीवर घेऊन आले. पडदा सुरेखानं धरलेला. साहेबांच्या टेबलावर जोडलं, चालू केलं. मशीननं तारीख विचारली. सरांनी चौदा जानेवारी टाकली. प्रोग्राम उघडला. सर शाळेतल्या पोरासारखे खूश झाले. “बघा साहेब, असं रोज करावं लागायचं.”

साहेब म्हणाले, “म्हणजे आज, आता, माझ्यासमोर तुम्ही पंधरा-सोळा वर्षांपूर्वीची तारीख टाकली.”

“हाव.”

“मग आज बसून एखादं नाव त्यात घालता येईल?”

खोटं बोलणं त्या माणसाला जमायचंच नाही. “येईल की, साहेब.”

“मग मी कशावर विश्वास ठेवू?”

साहेबांना पोरीची दया आली असावी. म्हणाले, “तुम्ही स्वतःच प्रोग्राम लिहिलाय, तुमचं लेखी चालणार नाही. तुमच्या क्लासचं एक पत्र आणा. तारीख रोज मागं घेतली जायची, आणि ही नोंद अमुक दिवशी झाली. तिथं हजर असलेल्या माणसाची सही पाहिजे. पंधरा दिवसांत आणा. मी चांगला शेरा मारून वर पाठवतो.”

सरांनी माझ्याकडं बघितलं. निश्चिंत होऊन बघितलं, बरं का. काम झालं असं त्यांचं तोंड सांगत होतं. सुरेखा माझ्या पाया पडली. मी तिला उठवलं आणि म्हणाले, “काळजी करू नको.”

डायरेक्टर सरांनी सगळं ऐकून घेतलं. ते कधी चिडत नसत, त्यांना गरजच पडायची नाही. म्हणाले, “पत्र द्यायचं म्हणजे काय लिहून द्यायचं, मॅडम? आमचा क्लास चोरीच्या सॉफ्टवेअरवर चालत होता, अन् पोरांचे नंबर आम्ही त्याच्यावरच काढले? ऐन ॲडमिशनच्या दिवसांत?”

“पण सर, तारीख मागं घ्या म्हणून तुम्हीच सांगितलं होतं.”

“मी?” ते हसले. “मला मशीन चालू करता येत नाही, मॅडम.” मग चहा सांगितला. चहा आल्यावर म्हणाले, “नांदेडला शाखा काढतोय. कुणीतरी घरचं माणूस पाहिजे तिथं.”

बस, एवढंच. धमकी नाही, काही नाही. मला आजही कुणी विचारलं की तुमच्यावर दबाव होता का, तर मला खरं म्हणजे नाही असंच सांगावं लागेल.

मी जिन्याखाली गेले. सरांनी पत्र लिहूनच ठेवलं होतं, सुंदर अक्षरात. सहीची जागा मोकळी. आणि ‘सदर नोंद दिनांक’ याच्या पुढंही जागा मोकळी. म्हणाले, “तारीख तुम्ही घाला, बाई. तुमच्या हातानं घातलेली बरी.”

सही करत नाही, नोकरी जाईल, असं म्हणाले असते तर निदान ते खरं असतं. मी म्हणाले, “सर, मला नीट आठवत नाही हो. इतकी वर्षं झाली. कोणत्या दिवशी झाली, आपण बसलो होतो की नाही, काहीच आठवत नाही. आठवत नसताना कशी सही करू?”

सरांनी पत्राची नीट घडी घातली.

“बरं, मॅडम.”

तोवर ते मला बाई म्हणायचे.

पंधरा दिवस गेले. सरांनी स्वतःचं लेखी दिलं, ते चाललं नाही. सुरेखाचं नाव कटलं. मी नांदेडला गेले, आणि महिन्याभरात डायरेक्टर सरांनी मठपती सरांना मशीनसकट बाहेर काढलं. मशीन भंगारातच जाणार होतं, ते त्यांना देऊन टाकलं, आणि निरोपाच्या भाषणात ते बक्षीस म्हणून सांगितलं.

नांदेडला माझं बरं चाललं. काचेची केबिन, दारावर नाव. देगलूरचे, किनवटचे आई-बाप हात जोडून समोर बसायचे आणि मी त्यांना सांगायची, आमच्याकडं पोराचं भविष्य सुरक्षित आहे. बोलता बोलता माझी जीभ कधी अडखळली नाही. माणसाला सगळ्याची सवय होते, स्वतःचीसुद्धा.

मागच्या वर्षी मी रिटायर झाले. त्यानंतर दोन-तीन महिन्यांनी भाच्याचा फोन आला. तो इंजिनिअरिंगला. त्यांच्या प्रॅक्टिकलला अजून तेच निळ्या पडद्याचं जुनं सॉफ्टवेअर लागतं, आणि त्याच्या नव्या लॅपटॉपवर ते उघडेना. म्हणाला, “मावशी, पोरं म्हणतात लातूरला एक म्हातारे सर आहेत, ते कशावरही चालवून देतात.” नांदेडला हे काम कुणीही करून दिलं असतं. तरी मी लॅपटॉप घेऊन लातूरच्या गाडीत बसले. कामून, ते मला विचारू नका.

पत्ता एका होस्टेलच्या मागचा होता. मेसच्या दारात एक बाई पिठाचे हात पुसत उभी होती. मी सरांचं नाव विचारलं. तिनं जिना दाखवला. “वर हायत. तिसरी पायरी हालती, जपून जावा,” म्हणाली, आणि एक पाय ओढत आत गेली. मी ओळखलं. तिनं ओळखलं नाही, किंवा ओळखलं असेल.

सर आता पार वाळलेत. विभूतीचे पट्टे तसेच. मला बघून उठले, खुर्ची दिली, चहा विचारला. लॅपटॉप मांडीवर घेऊन दहा मिनिटांत काम केलं. मी विचारलं, कसं करता हो? “नव्याच्या पोटात जुनं बसवायचं, अन् त्या जुन्याला समजावायचं की बाबा, बाहेर काही बदललं न्हाई. मग ते चालतंय. प्रॅक्टिकल जवळ आलं की पोरांची रांग लागती. विद्यापीठाला जुनंच पाहिजे असतंय.” असं म्हणून ते हसले. मला हसता आलं नाही.

भिंतीशी ते मशीन होतं, धोतर पांघरलेलं. शेजारी जुन्या पंचांगांची चळत आणि एक जाड वही. मी वही उघडली. गावांची नावं, माणसांची नावं, आणि प्रत्येक नावापुढं शाईनं लिहिलेली वेगळी तारीख.

“रविवारी जातो,” सर म्हणाले. “एकेक गाव धरून. फॉर्म कधी भरला होता म्हणून विचारतो. लोकांना तारीख न्हाई आठवत. म्हणतात, ज्वारी काढून झाली होती. म्हणतात, त्याच्या आदल्या दिवशी शेडात बाळंतपण झालं होतं. मग पंचांगात हुडकायचं.”

“आता काय उपयोग, सर?”

“उपयोग न्हाई.”

“मग?”

“मीच टाकलीय न्हवं खोटी तारीख.”

मी सुरेखाचं विचारलं नाही. त्यांनीच सांगितलं. “वय निघून गेलं तिचं. खाली पोळ्या लाटायला असती. तुमच्याच क्लासचं होस्टेल हाय हे.”

मग त्यांनी माझ्या हातातून वही घेतली, एक पान काढून समोर ठेवलं. त्या पानावरच्या सगळ्या नावांपुढं तारखा होत्या. एका नावापुढं जागा मोकळी.

“हिची तेवढी राहिलीय. मला माहीत हाय. पण माझ्या एकट्याच्या आठवणीवर भागत न्हाई, ते तुम्ही कचेरीत बघितलंच. एका नावाला दोन माणसं लागतात. बाकी सगळ्यांना मी दोन-दोन विचारलीत.” पेनाचं टोपण काढून ते थांबले. “तुम्हाला आठवतंय का, मॅडम?”

खालून पोळपाटाचा आवाज येत होता. मी म्हणाले, “पाडवा होता. म्हातारे मुरुडहून फॉर्म घेऊन आले होते. अकरा-साडेअकराला.”

सरांनी मान हलवली. तरी चळतीतून त्या वर्षाचं पंचांग काढलं, पाडवा शोधला, तारखेवर बोट ठेवून ती सावकाश वहीत उतरवली. मग विचारलं, “तेव्हा बी आठवत होतं?”

“हाव,” मी म्हणाले.

सरांनी लॅपटॉप पिशवीत घालून पिशवी माझ्या हातात दिली. मग वहीवर वाकून शाई वाळायची वाट बघत बसले, आणि वाळल्यावर पान उलटलं.